चौथं पाकीट

शिक्केमावशींना खऱ्या नावाने हाक मारणारं गावात आता कुणी उरलं नव्हतं. ते नाव पेन्शनच्या कागदावर तेवढं जिवंत होतं. पोस्टात छत्तीस वर्षं त्यांनी एकच काम केलं. आलेलं टपाल निवडायचं, प्रत्येक पाकिटाच्या पाठीवर तारखेचा शिक्का मारायचा आणि पोस्टमनच्या पिशवीत टाकायचं. त्या कामाने त्यांचा उजवा खांदा डाव्यापेक्षा बोटभर खाली आला होता. रिकाम्या बसल्या की उजवी मूठ आपोआप मांडीवर पडायची, ठप, ठप, ठप. शेजारीण म्हणायची, "मावशी, आता हे मांडीवरचं टपाल कुठल्या गावाला चाललंय?" मावशी हसायच्या आणि हात पदराखाली घ्यायच्या.

वर्षातून एक दिवस मात्र त्यांचा थाट बघावा. लढाईच्या आठवणीचा दिवस. जुन्या पोस्टाच्या लांबट दालनात टेबल मांडलेलं असायचं, शाळेतली पोरं हातात एकेक कोरं पाकीट घेऊन रांग लावायची आणि मावशी प्रत्येकाच्या पाकिटावर उलटा शिक्का मारून द्यायच्या. तारीख उलटी, गावाचं नाव उलटं. पोरं ती पाकिटं घरी नेऊन काचेखाली लावायची. उलटा शिक्का ही गावाची शान होती. मग भाषणं व्हायची. "आमच्या गावात एकही फितूर निपजला नाही," असं दरवर्षी कुणीतरी छाती फुगवून सांगायचंच, आणि तेवढ्या वेळात मावशी शाईच्या गादीकडे बघत बसायच्या. कारण फितूर भरपूर होते. त्यांची पत्रं मावशींनीच शेगडीत घातली होती.

मावशी पोस्टात लागल्या एकोणिसाव्या वर्षी. वडील पोस्टमन होते, त्यांचे पाय गेले म्हणून लेकीला घेतलं. टपाल निवडायची खोली मागच्या बाजूला होती. एक अख्खी भिंत म्हणजे लाकडी खणांचं कपाट, प्रत्येक गल्लीला एक खण. पत्रा ठोकलेलं टेबल, कोपऱ्यात शेगडी आणि तिच्यावर काळी किटली. मागचं दार अंगणात उघडायचं आणि अंगणाच्या भिंतीपलीकडे छापखान्याची गल्ली. शिक्का पितळी होता, मूठ लाकडी. मुठीवर अंगठ्यापुरती एक खाच होती. अंगठा खाचेत बसला की शिक्का सुलटा पडणार, बघायची गरज नाही. नवख्या माणसाला हे कळायला आठवडा लागतो आणि मग ते जन्मभर विसरत नाही.

चार-पाच वर्षांत अख्ख्या गावाचं अक्षर मावशींना पाठ झालं. नुसतं अक्षर नाही. पाववाला तिकीट नेहमी जरा तिरकं लावायचा. शाळेतल्या बाई तिकिटाचे चारही कोपरे नखाने दाबायच्या. घड्याळजी इतकी थुंकी लावायचा की पत्त्याची शाई फुटायची. मावशी पाकीट हातात घेऊन न वाचता सांगायच्या, "हे घड्याळजीचं. गेल्या खेपेलाही पत्ता वाहून गेला होता."

मग लढाई आली, आणि तिच्या मागोमाग परकं लष्कर गावात आलं. त्यांनी शाळेत मुक्काम ठोकला आणि भिंतींवर नोटिसा लावल्या: संशयित माणसांची माहिती टपालाने कळवा, स्वतःचं नाव लिहिण्याची गरज नाही. आठवड्याभरात पत्रं सुरू झाली. कुणी डाव्या हाताने लिहायचं, कुणी ठोकळ्यासारखी अक्षरं काढायचं. पण तिकीट मात्र सगळे सवयीनेच लावायचे. पहिलं पाकीट मावशींनी उचललं, तिकिटाकडे पाहिलं आणि कुणाचं ते ओळखलं. त्या माणसाच्या घरी त्या परवाच चहा पिऊन आल्या होत्या.

पोस्टमास्तर म्हणजे नियमावर जगणारा माणूस. पाकिटाचं वजन केसभर जास्त भरलं तर सख्ख्या मेहुण्याला परत पाठवतील असे. त्यांनी मावशींच्या हातातलं पाकीट पाहिलं. किटलीत पाणी ओतून ती स्वतः शेगडीवर चढवली. "मी आज चहा जरा उशिरा घेणार आहे," म्हणाले, "तोवर पाणी उकळू दे." आणि दार ओढून घेऊन पुढच्या खिडकीवर जाऊन बसले. वाफेवर पाकीट उघडतं हे पोस्टातल्या माणसाला कुणी सांगावं लागत नाही. त्या दिवसापासून पोस्टमास्तरांचा चहा रोजच उशिरा व्हायला लागला, आणि कित्येकदा किटलीतलं पाणी आटून गेलं तरी चहाची पूड काही बाहेर निघायची नाही.

सगळीच पत्रं जाळून चालणार नव्हतं. एकही पत्र येत नाही म्हटल्यावर लष्कराला वास आला असता. म्हणून काही जाळायची आणि काही पुन्हा चिकटवून पुढे पाठवायची. पण ज्याचं नाव पत्रात असेल त्याला आधी सावध करायचं. त्याच्या त्या दिवशीच्या टपालावर उलटा शिक्का मारायचा. टपाल नसेल तर पाकिटात कोरा कागद घालून पाठवायचा. लष्करातल्या कुणी पाहिलं तरी त्याला वाटणार, कारकून वेंधळा आहे. आणि ज्याला खूण माहीत असेल तो घराला कुलूप घालून नदीपलीकडे जाणार. पोस्टमन दहा वाजता निघायचा. लष्कराचा शिपाई त्यांचं टपाल न्यायला एक वाजता यायचा. मधले तीन तास म्हणजे माणसाचा जीव. असे एकोणीस जीव मावशींनी वाचवले, आणि ते खोटं नाही.

उलट्या शिक्क्याची युक्ती मावशींची नव्हती, छापखानेवाल्या दादांची होती. दादा म्हणजे मावशींच्या थोरल्या भावाचे जिवलग. तो भाऊ लढाईच्या पहिल्याच महिन्यात गेला, आणि तेव्हापासून दादांनी मावशींना बहिणीसारखं धरलं. पायाने चालवायचं एक ट्रेडल मशीन आणि छपाईच्या अक्षरांच्या शिशाच्या खिळ्यांच्या चार पेट्या, एवढाच त्यांचा संसार. वरवर लग्नाच्या पत्रिका आणि शाळेचे पेपर छापायचे, आणि त्याच कागदाच्या गठ्ठ्याखालून लष्कराविरुद्धची पत्रकं बाहेर पडायची. "आम्हा छापखान्यातल्या माणसांना सगळं उलटंच वाचायची सवय," ते म्हणाले होते. "तू उलटा शिक्का मारलास तर मला तो सगळ्यांच्या आधी दिसेल." वहिनी, म्हणजे त्यांची बायको, तेव्हा परातीत पीठ मळत होत्या. तीन वर्षांची लेक जुने खिळे जमिनीवर मांडून खेळत होती. त्या स्वयंपाकघरात मावशी दर सुट्टीला जेवायच्या आणि वहिनींची बोलणी खायच्या, की किती वाळलीस, पोस्टात काय शाई पितेस का.

त्या सकाळी एका पत्रात चार नावं आली. गिरणीतला फिटर, दवाखान्यातली नर्स, नावाडी आणि दादा. हे पत्र जाळता येत नव्हतं. असंच एक आठवड्यापूर्वी जाळलं होतं आणि लिहिणाऱ्याने चौकशी केली होती. मावशींनी चार पाकिटं तयार केली. दादांचं तर आयतंच आलेलं होतं, खिळे ओतणाऱ्या कारखान्याचा नमुन्यांचा तक्ता. चारही एकावर एक ठेवली. शिक्का मुठीत फिरवून धरला, खाच बाहेरच्या बाजूला, अंगठ्याखाली गुळगुळीत लाकूड. एक मारला. दुसरा मारला. तिसरा मारला.

आणि दार उघडून लष्कराचा अधिकारी आत आला. शिपाई नाही, स्वतः अधिकारी. आजपासून त्यांचं टपाल तो सकाळीच घेऊन जाणार होता. तो टेबलाच्या कडेवर टेकला आणि म्हणाला, "तुमचं काम चालू द्या."

मावशींची पाचावर धारण बसली. हात थांबला तर तो विचारणार, का थांबलात. म्हणून हात थांबला नाही. आठ वर्षं रोज जे केलं तेच त्याने केलं. अंगठा आपल्या पायाने चालत गेल्यासारखा खाचेत जाऊन बसला, आणि ठप. चौथा शिक्का पडला. सुलटा. चारही बाजूंनी स्वच्छ उमटलेला. इतका सुरेख शिक्का त्यांच्या हातून महिन्याभरात पडला नव्हता. पोस्टमनने सगळं टपाल गोळा करून पिशवीत घातलं आणि तो सायकल काढून गेला. त्याच्या देखत, अधिकाऱ्याच्या देखत, एका पाकिटावर दुसरा शिक्का मारता येणार नव्हता.

अधिकाऱ्याने आपलं टपाल तिथेच फोडलं. चार नावांचं ते पत्र दोनदा वाचलं. पुढच्या खोलीत जाऊन फोन केला. त्यांचा ट्रक शेजारच्या गावी गेलेला होता, तो यायला वेळ होता. मग तो पुढच्या बाकावर पाय पसरून बसून राहिला. मावशींना त्याने जाऊ नका असं म्हटलं नव्हतं. त्यांच्याकडे त्याचं लक्षसुद्धा नव्हतं. मागचं दार नुसतं लोटलेलं होतं. अंगण ओलांडायचं, भिंतीतल्या फटीतून गल्लीत, आणि तिथून तीस पावलांवर छापखाना. ट्रेडलचा आवाज टेबलापर्यंत येत होता, खटक-खटक, खटक-खटक. पोटात कळ आली म्हणून उठता आलं असतं. पाणी आणायला जाते म्हणता आलं असतं. मावशी समोरच्या खणांतून पत्रं काढत होत्या आणि त्याच खणांत परत ठेवत होत्या. दोन तास त्यांनी तेवढंच केलं. साडेबारा वाजता ट्रेडल थांबलं.

भीती वाटली, एवढंच. पुढे सत्तेचाळीस वर्षं मावशींनी या गोष्टीला दुसरं नाव शोधलं. सापडलं नाही.

पोस्टमास्तरांनी संध्याकाळी दप्तर बंद करताना विचारलं, "चारही उलटे होते ना?" आणि मावशी म्हणाल्या, "हो." दादांना आठव्या दिवशी शाळेच्या मागच्या भिंतीशी उभं करून गोळ्या घातल्या. मग लढाई संपली आणि फिटर, नर्स, नावाडी तिघंही धडधाकट परत आले. तिघांनी आपापली पाकिटं दाखवली. त्यांना पाकीट गेलं म्हणजे दादांनाही गेलंच असणार, यात कुणाला शंका नव्हती. आणि नदी ओलांडताना तिघांनीही ट्रेडलचा आवाज ऐकला होता. मग लोकांनी दोन आणि दोन चार केले. दादांना इशारा मिळाला होता, तरी ते पळाले नाहीत. सगळे अजून गावातच आहेत असं लष्कराला वाटावं आणि बाकीच्यांना वेळ मिळावा म्हणून मशीन चालवत राहिले. पुढे त्यावर मीठमसाला चढत गेला. ते गात होते म्हणे. त्यांनी पाकीट चावून गिळलं म्हणे. शेवटी छापखान्याच्या दारावर दगडी पाटी लागली: "इशारा मिळूनही येथे मशीन थांबले नाही."

पाटी लागायच्या आधी, एका दुपारी, वहिनी लेकीचा हात धरून पोस्टाच्या खिडकीपाशी आल्या. मागे तिकिटांसाठी सात-आठ माणसं उभी होती आणि सगळ्यांचे कान टवकारलेले.

"एकच विचारायचंय," वहिनी म्हणाल्या. "ह्यांनाही पाकीट गेलं होतं ना? उलट्या शिक्क्याचं?"

मावशींनी मागच्या माणसांकडे पाहिलं, मग पोरीकडे पाहिलं आणि म्हणाल्या, "हो."

वहिनींनी मान हलवली आणि त्या गेल्या. त्या रात्री मावशींनी स्वतःची समजूत घातली, की बरंच झालं. नवरा चुकून मेला यापेक्षा वीर म्हणून गेला, हे बाईला केवढा आधार. स्वतःची कातडी वाचवायला सांगितलेलं खोटं दुसऱ्याच्या भल्याचं आहे असं पटवून घेणं फार सोपं असतं, आणि मावशी काही देव नव्हत्या. पण त्या दिवसापासून दर सुट्टीचं जेवण बंद झालं. आज बरं नाही, आज पाहुणे आहेत, असं करत करत त्यांनी ती गल्लीच टाकली. वहिनीही कधी आठवणीच्या दिवसाला आल्या नाहीत. लोक म्हणायचे, बाईचं दुःख मोठं आहे. मावशीही तेच म्हणायच्या.

लेक मात्र त्या पाटीखालीच वाढली. शिकली, मास्तरीण झाली, मग त्याच शाळेची मुख्याध्यापिका. वडिलांचा चेहरा तिला आठवत नव्हता. तिला आठवत होती ती पाटी. दरवर्षी तिचं भाषण व्हायचं आणि ते ऐकून मोठमोठ्या माणसांचे डोळे भरायचे. भाषण संपलं की ती खाली उतरून मावशींच्या पाया पडायची. मावशी तिला उठवायच्या आणि "पुरे, पुरे," म्हणायच्या. तो दिवस गेला की आठवडाभर त्यांना जेवण जायचं नाही.

या वर्षी लेक आठवडाभर आधीच आली. नेहमीसारखं आमंत्रण वगैरे काही नाही. खुर्चीत बसली आणि पर्सचा बंद बोटाला गुंडाळत राहिली.

"आईचं काही खरं नाही, मावशी. डॉक्टर म्हणतात, फार तर आठ-दहा दिवस."

"बोलतात का?"

"बोलते. तेच सांगायला आले." तिने बंद सोडला आणि पुन्हा गुंडाळला. "काल मी तिला बाबांच्या पाटीचं सांगत होते. नवीन संगमरवरी करणार आहेत ना. तर म्हणाली, 'त्या खोटारड्याचं काही माझ्यापुढे सांगू नकोस.' मला वाटलं तापात बोलतेय. अंगाला हात लावला, ताप नव्हता."

"खोटारड्याचं?" मावशींनी विचारलं.

"त्या दिवशी अकरा वाजता बाबा पाणी प्यायला घरी आले होते. मला उचलून घेतलं, आणि आईला म्हणाले, 'साडेबाराला येतो, ताट वाढून झाकून ठेव.' आई म्हणते, 'खिशात इशारा घेऊन माझ्यासमोर उभा राहिला आणि तोंडातून ब्र काढला नाही. जगाला वाचवायला निघाला आणि आम्हा दोघींना साधं सांगितलंसुद्धा नाही. पोरीला घेऊन पळ म्हणाला असता तर मी अडवणार होते का?'" लेकीने पर्स खाली ठेवली. "मी पन्नास वर्षांची झाले, मावशी. माझ्या आईला माझ्या बापाचा राग आहे, हे मला काल कळलं."

मावशींची मूठ मांडीवर पडत होती. त्यांनी दुसऱ्या हाताने ती धरून ठेवली. आपण त्या बाईला आधार दिला असं त्या इतकी वर्षं समजत होत्या. प्रत्यक्षात तिचा मेलेला नवरा तिच्यापासून हिरावून घेतला होता. दादा गेले तो एक दिवस. त्यांच्यावरचा विश्वास गेला तो रोज.

"उद्या येते मी," त्या म्हणाल्या.

दुसऱ्या दिवशी अकराच्या सुमारास मावशी त्या गल्लीत शिरल्या. छापखान्याच्या जागी आता चष्म्याचं दुकान होतं, पाटी मात्र जागेवर. वरच्या मजल्यावर वहिनींची खोली. खाट भिंतीला लावलेली, स्टुलावर औषधाच्या बाटल्या आणि झाकण ठेवलेला पेला, खाटेखाली पत्र्याची ट्रंक. वहिनी इतक्या बारीक झाल्या होत्या की पांघरुणाखाली माणूस आहे हे नीट निरखल्यावरच कळावं. लेकीने खुर्ची पुढे केली आणि ती आत चहा ठेवायला गेली.

"कोण? शिक्केवाली?" वहिनींनी डोळे बारीक केले. "इतक्या वर्षांनी वाट चुकलीस का?"

मावशींनी रात्रभर वाक्यं जुळवली होती. त्यातलं एकही आता तोंडाशी येईना.

"वहिनी, मी तुम्हाला खोटं सांगितलं होतं," त्या म्हणाल्या. "खिडकीत. तुम्ही विचारलंत तेव्हा. दादांना उलटं पाकीट गेलंच नव्हतं. तीन उलटे मारले आणि चौथ्याला तो अधिकारी आला. माझा हात चुकला. सुलटा पडला. दादांना काही माहीत नव्हतं."

मग मावशींनी बाकीचंही सांगितलं. लोटलेलं दार, तीस पावलं, ट्रेडलचा आवाज, दोन तास. "मी उठले असते तर ते वाचले असते. मी भ्याले, वहिनी. मी नुसती बसून राहिले."

आतला कपबशांचा आवाज थांबला होता. लेक दाराशी येऊन उभी होती, हातात गाळणी तशीच.

"ट्रंक ओढ," वहिनी म्हणाल्या. "वरच आहे. रुमालात."

मावशींनी ट्रंक ओढली. रुमालात दादांचा, एकच काच उरलेला चष्मा होता आणि एक पिवळं पडलेलं पाकीट. खिळे ओतणाऱ्या कारखान्याचं. मावशींनी ते उलटवलं नाही. पाठीवर काय आहे ते त्यांना माहीत होतं.

"त्याच्या कोटाच्या खिशात हे निघालं," वहिनी म्हणाल्या. दम लागत होता, थांबून थांबून बोलत होत्या. "शिक्का सुलटा. म्हटलं, मग दुसरं असेल. उलटं ते वेगळं असेल. शोधलं गं मी. गाद्या उसवल्या. त्याच्या खिळ्यांच्या पेट्या जमिनीवर ओतल्या, एकेक खिळा हाताने बाजूला केला. म्हणून तर तुझ्याकडे आले होते विचारायला. तू नाही म्हणाली असतीस तर मी घरी येऊन रडले असते आणि मोकळी झाले असते. तू हो म्हणालीस. म्हटलं, पोस्टातली बाई. ती कशाला खोटं सांगेल?"

मावशी रडत होत्या. पुसायचंही त्यांना सुचत नव्हतं.

"त्या दिवशीचं ताट मी दोन दिवस तसंच झाकून ठेवलं होतं," वहिनी म्हणाल्या. "काढवेना. पुढे लोक सांगायला लागले, त्याला आधीच माहीत होतं म्हणून. तर तेच ताट घेऊन मी मोरीत आपटलं. अजून पोचा आहे त्याला."

त्या छताकडे बघत राहिल्या. बऱ्याच वेळाने त्यांनी मान वळवली.

"म्हणजे जेवायला येणार होते," त्या म्हणाल्या.

"हो," मावशी म्हणाल्या.

"खरंच येणार होते."

"हो, वहिनी."

दारात लेकीने गाळणी खाली ठेवली. "आई," ती म्हणाली. तिचे वडील गेल्या पाच मिनिटांत वीराचे साधे छापखानेवाले झाले होते, भूक लागल्यावर घरी येणारे.

"पाटी गावाची आहे, त्यांना हवी तशी लिहू दे," वहिनी तिला म्हणाल्या. "तू एवढं लक्षात ठेव. तुझ्या बापाने आपल्याला टाकलं नव्हतं." मग त्यांनी मावशींकडे पाहिलं. "शिक्क्याचं मी तुला तेव्हाच माफ केलं असतं. बसून राहिलीस त्याचंही. तेव्हा सगळेच भ्यालेले होते, मी काय वेगळी होते. पण त्या 'हो'चं नाही करणार. सत्तेचाळीस वर्षं मी त्यांना शिव्या घातल्या गं. ते ऐकायला होते की नव्हते कुणास ठाऊक, पण मी घातल्या."

"नका करू," मावशी म्हणाल्या. त्यांना माफी नको होती. मिळाली असती तर ती कुठे ठेवायची हे त्यांना कळलं नसतं.

चहा कुणी घेतलाच नाही. वहिनींनी पाकीट हातात मागून घेतलं, शिक्क्यावरून अंगठा फिरवला आणि ते छातीशी धरलं.

"किती वाजले?" त्यांनी विचारलं.

"सव्वाबारा," लेक म्हणाली.

"मला जरा उठवून बसव. असं नाही, दाराकडे तोंड करून."

लेकीने पाठीशी उशी लावली, विस्कटलेले केस कानामागे सारले. मावशी निघायला म्हणून उठल्या आणि दारापाशी पोचल्या. तिथे त्या थबकल्या, मग एक पाऊल बाजूला सरकून भिंतीशी उभ्या राहिल्या. वहिनी दाराकडे बघत होत्या, आणि मावशी मध्ये येत होत्या.